इंजिन नाही, शीड नाही, तरी होडी पाण्याच्या वर कशी उडते? हायड्रोफॉइलचं गणित आणि आपला रायगडचा किनारा

तुमच्याही मोबाईलवर तो व्हिडिओ कधीतरी आला असेल. एक माणूस धक्क्यावरून धावत येतो, हातातल्या फळीसकट पाण्यात उडी मारतो आणि मग त्या फळीवर उभा राहून नुसता गुडघ्यात वाकत-उठत राहतो. फळी पाण्याला टेकतच नाही. हातभर वर तरंगत ती पुढे पळते. मोटर नाही, शीड नाही, मागून कुणी ओढतही नाही. खाली कमेंटमध्ये ठरलेले दोन प्रकार. एक, "एडिटिंग आहे रे". दुसरा, "आपल्या अलिबागला हे कधी येणार?"

एडिटिंग नाही. ते शंभर टक्के खरं आहे. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मात्र एका ओळीत देता येत नाही, म्हणून हा लेख.

त्या फळीखाली एक दांडा असतो आणि दांड्याच्या टोकाला, पाण्याच्या आत, विमानाच्या पंखासारखा छोटा पंख असतो. त्याचं नाव हायड्रोफॉइल. पाण्यातून पुढे जाताना हा पंख वर उचलला जातो आणि वरच्या माणसाला, फळीला किंवा होडीला उचलून धरतो. हाच पंख पॅडल मारायच्या होडीला लावला तर? जगात काही वेड्या लोकांनी तो लावून पाहिलाय, आणि नुसत्या पायांच्या जोरावर ताशी ३४ किलोमीटरचा वेग गाठलाय. त्यांच्याकडे वळण्याआधी थोडं आपल्या किनाऱ्याबद्दल, कारण नुसत्या मनगटाच्या बळावर वेगाने होड्या पळवण्याची गोष्ट रायगडला नवीन नाही.

चाळीस-पन्नास वल्ही आणि ताशी साडेसहा किलोमीटर

१६७९ साली शिवाजी महाराजांनी थळसमोरच्या खांदेरी बेटावर किल्ला बांधायला घेतला. मुंबईच्या तोंडाशी मराठ्यांचा किल्ला उभा राहतोय म्हटल्यावर इंग्रजांनी जहाजं पाठवून बेटाची नाकेबंदी केली. बेटावर मायनाक भंडारी होते, आणि किनाऱ्यावरून माणसं, रसद, बांधकामाचं सामान घेऊन छोट्या होड्या ये-जा करत होत्या. इंग्रजांची जहाजं मोठी आणि तोफांनी भरलेली, पण वाऱ्यावर अवलंबून. वारा पडला की ती जागच्या जागी. मराठ्यांच्या होड्या हलक्या, उथळ पाण्यात चालणाऱ्या, आणि वारा नसला तरी वल्ह्यांवर पळणाऱ्या. नाकेबंदी करूनही बेट तुटलं नाही, ते मोठ्या प्रमाणात या होड्यांमुळे.

पुढे कान्होजी आंग्र्यांच्या काळात, कुलाब्याच्या आरमारात, हीच युक्ती आणखी पक्की झाली. गुराब हे मोठं, तोफांचं जहाज. गलबत हे लहान, चपळ. समुद्र शांत असला की गलबतं वल्ही मारत गुराबांना दोरांनी ओढत शत्रूच्या मागच्या बाजूला नेऊन उभी करायची. शत्रूच्या जहाजाला वळता येत नाही, आणि तोफा तर त्याच्या कुशीला असतात. अठराव्या शतकातला इंग्रज इतिहासकार रॉबर्ट ऑर्म याने या गलबतांचं वर्णन करून ठेवलंय: चाळीस ते पन्नास दणकट वल्ही, आणि वेग ताशी चार मैल. म्हणजे साधारण साडेसहा किलोमीटर.

हा आकडा लक्षात ठेवा. चाळीस-पन्नास वल्ही आणि साडेसहाचा वेग. आज चालत मॉर्निंग वॉक करणारा तगडा माणूस जवळपास तेवढ्याच वेगाने जातो. तरी त्या काळी, वारा पडलेल्या समुद्रात, तेवढा वेगसुद्धा लढाई जिंकून द्यायला पुरेसा होता, कारण समोरच्याचा वेग शून्य असायचा.

पण एवढ्या माणसांचं बळ लावून फक्त साडेसहा? गलबतावर तोफा होत्या, सैनिक होते, शिडाच्या काठ्या होत्या, हे खरं. पण खरी अडचण वजनापेक्षा पाण्यात आहे.

पाणी आपल्याला पुढे का जाऊ देत नाही

महाबळेश्वरच्या वेण्णा तलावावर किंवा ठाण्याच्या तलावपाळीवर पॅडल बोट चालवली असेल तर हा अनुभव तुम्हाला असेल. सुरुवातीला मजा येते. मग शेजारच्या बोटीशी शर्यत लावायची हुक्की येते. तुम्ही जोर दुप्पट करता, मांड्या भरून येतात, मागे पाण्याचा फेस उठतो, आणि बोट? होती तशीच डुलत डुलत.

यामागे दोन गोष्टी आहेत. पहिली, पाण्याचं घर्षण. वेग दुप्पट करायचा तर विरोध साधारण चौपट होतो, आणि त्यासाठी लागणारी ताकद आठपट. हवेतही असंच होतं, पण पाणी हवेच्या सुमारे आठशेपट जड.

दुसरी गोष्ट जास्त मजेशीर आहे. होडी पुढे जाताना स्वतःच लाटा तयार करते. नाळेपाशी एक उंचवटा उठतो आणि त्याच्या मागे खोलगट भाग. वेग वाढेल तशी या लाटेची लांबी वाढते. एका वेगाला ही लाट बरोबर होडीच्या लांबीएवढी होते. आता होडीचं तोंड लाटेच्या चढावर आणि मागचा भाग खळग्यात. म्हणजे होडी स्वतःच तयार केलेला डोंगर चढायला लागते, आणि जितका जोर लावाल तितका तो डोंगर उंच होतो. अडीच मीटर लांबीच्या पॅडल बोटीसाठी हा वेग ताशी ७ किलोमीटरच्या आसपास येतो. दोन पर्यटक जेमतेम चार-पाचला पोहोचतात. सातच्या पुढे जायचं तर इंजिन लागतं.

यावर जुना उपाय म्हणजे होडी लांब आणि अरुंद करणं. लांब होडीची ही मर्यादा वरच्या वेगाला जाते, आणि होडी अगदी सुरीसारखी अरुंद असली तर लाटाच इतक्या लहान उठतात की ती मर्यादा ओलांडताही येते. ऑलिम्पिकमधल्या एकट्याच्या रोइंगच्या होड्या पाहा. सुमारे आठ मीटर लांब आणि वजन जेमतेम १४ किलो. नाशिक जिल्ह्यातल्या चांदवड तालुक्यातला, तळेगाव रोहीचा दत्तू भोकनळ २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकमध्ये अशाच होडीत होता. शेवटच्या शर्यतीत त्याने २००० मीटर अंतर ६ मिनिटं ५४.९६ सेकंदांत कापलं. म्हणजे ताशी १७ किलोमीटरपेक्षा थोडं जास्त, एकट्या माणसाचं. दुष्काळी भागातल्या पोराने हे करून दाखवलं, यावर खरं तर वेगळा लेख व्हायला हवा.

आठ जणांच्या होडीचा वेग याहून जास्त. जर्मनीच्या संघाने २०१७ मध्ये २००० मीटर ५ मिनिटं १८.६८ सेकंदांत पार केलं, ताशी साडेबावीसच्या आसपास. आठ तगडे, आयुष्यभर तेच केलेले खेळाडू, आणि साडेबावीस. पाण्यात बुडलेल्या होडीची ही जवळजवळ हद्द झाली.

मग होडीच पाण्याबाहेर काढली तर?

एसटीच्या खिडकीतून हात बाहेर काढू नये असं लिहिलेलं असतं, तरी लहानपणी आपण सगळ्यांनी तो काढलाय. तळवा आडवा धरला की हात नुसता मागे ढकलला जातो. थोडा तिरपा केला, अंगठ्याकडची बाजू किंचित वर, की हात आपोआप वर उचलला जातो. विमानाचा पंख हेच करतो, आणि हायड्रोफॉइलही.

फरक एवढाच की पाणी हवेपेक्षा आठशेपट जड असल्यामुळे पंख खूप लहान चालतो. आपण हिशेबच करू. समजा पॅडल मारणारा ७५ किलोचा आणि होडी २५ किलोची, एकूण १००. ताशी १४ किलोमीटर वेगाला हे १०० किलो वजन उचलायला पाण्याखाली किती मोठा पंख लागेल? साधारण दीड मीटर लांब आणि दहा सेंटीमीटर रुंद. एवढंच. घरातल्या पडद्याच्या वरची पट्टी असते तेवढा.

होडी एकदा पाण्याबाहेर आली की लाटा तयार होणं जवळजवळ थांबतं. पाण्यात उरतो तो फक्त पंख, दांडा आणि पंखा. चांगल्या पंखावर, दांड्याचा वगैरे विरोध धरूनही, १०० किलो वजनासाठी मागे ओढणारा जोर फक्त पाच किलोच्या आसपास येतो. ताशी १४ वेगाने हा जोर ढकलायला, साखळी आणि पंख्यात वाया जाणारी ताकद धरून, अडीचशे वॉटच्या जवळपास लागतात.

अडीचशे वॉट म्हणजे किती? धडधाकट माणूस सायकलवर बराच वेळ पाऊणशे ते शंभर वॉट देऊ शकतो. नियमित सायकल चालवणारा, तालमीतला माणूस तासभर दोनशे ते अडीचशे. थोडक्यात, हे काम जमण्यासारखं आहे, पण पोटाला वडापाव बांधून नाही.

आता खरी मेख. १४ च्या वेगाला उडायला अडीचशे वॉट पुरतात, पण १४ पर्यंत पोहोचायचं कसं? तोपर्यंत होडी पाण्यातच असते, तिचा सगळा विरोध असतो, वर पंखाचाही असतो. पेणहून अलिबागला सायकलने जाताना कार्लेखिंडीचा चढ लागतो ना, तसं. खिंड ओलांडली की पुढे सोपं. पण खिंडीत दम संपला तर अलिबाग दिसतच नाही. मानवी बळाच्या बहुतेक हायड्रोफॉइल होड्या या चढावरच अडकतात.

पंख मोठा केला तर कमी वेगाला उडता येतं. वर सांगितलेल्या होडीला ताशी ११ च्या आतच उचलायचं असेल तर पंख जवळपास पावणेदोनपट हवा. पण तोच मोठा पंख पुढे जास्त वेगाला लोढणं होतो. लहान पंख वेगाला छान, पण उडवायला कठीण. यातून वाट काढणाऱ्यांची गोष्ट पुढे.

टेलिफोनवाले बेल आणि सायकलवाले डॉक्टर

हायड्रोफॉइल ही काही कालची गोष्ट नाही. इटलीच्या एन्रिको फोर्लानिनी यांनी १९०६ मध्ये माज्जोरे सरोवरावर इंजिन लावलेली अशी होडी ताशी ६८ किलोमीटरने पळवली. टेलिफोनवाले अलेक्झांडर ग्रॅहम बेलही याच्या नादी लागले होते. त्यांच्या एचडी-४ या होडीने १९१९ मध्ये ताशी ११४ किलोमीटर गाठले. १९५७ नंतर सोव्हिएत रशियाच्या व्होल्गा नदीवर 'राकेता' नावाच्या हायड्रोफॉइल बोटी प्रवासी नेऊ लागल्या. स्वीडनमध्ये स्टॉकहोमला कँडेला कंपनीची पी-१२ ही विजेवरची, ३० प्रवाशांची हायड्रोफॉइल बोट २०२४ मध्ये धावू लागली, ताशी सुमारे ४५ किलोमीटरने. पाण्याबाहेर असल्यामुळे तिला वीज फार कमी लागते, आणि म्हणूनच बॅटरीवर चालणं परवडतं.

या सगळ्यांत मोटर होती. नुसत्या पायांवर हे जमवलं अमेरिकेतल्या अ‍ॅलन अ‍ॅबट आणि अ‍ॅलेक ब्रूक्स या जोडीने, १९८० च्या दशकात. अ‍ॅबट पेशाने डॉक्टर, पण सायकलचे वेडे. १९७३ मध्ये एका गाडीच्या आडोशाने सायकल चालवत त्यांनी ताशी २२३ किलोमीटरचा विक्रम केला होता, यावरून वेडाची कल्पना यावी. त्यांची 'फ्लाइंग फिश' म्हणजे सायकलची चौकट, खाली दोन पंख आणि पाण्यात फिरणारा पंखा. तिने २००० मीटर अंतर एकट्या वल्हेकऱ्याच्या तेव्हाच्या विश्वविक्रमापेक्षा कमी वेळात कापलं. शतकभर घासूनपुसून परिपूर्ण केलेल्या रोइंगच्या होडीला एका घरगुती जुगाडाने मागे टाकलं म्हटल्यावर खळबळ उडाली.

मग ड्युपाँ कंपनीने बक्षीस लावलं: जो कुणी माणसाच्या बळावर २० नॉट, म्हणजे ताशी ३७ किलोमीटर गाठेल त्याला २५ हजार डॉलर. कुणीच गाठलं नाही तर १९९२ च्या अखेरीपर्यंत सर्वांत वेगवान ठरेल त्याला.

बक्षीस गेलं एमआयटीच्या मार्क ड्रेला आणि त्यांच्या सहकाऱ्यांना. ड्रेला मुळात विमानवाले. १९८८ मध्ये क्रीटपासून सँटोरिनीपर्यंत ११५ किलोमीटर समुद्रावरून पॅडल मारत उडालेलं 'डेडलस' विमान ज्या गटाने बनवलं, त्यातले ते एक. त्यांनी 'डेकाव्हिटेटर' नावाची होडी बनवली. पंख्याच्या पात्याने पाणी कापायच्या ऐवजी मागे हवेत फिरणारा, सुमारे तीन मीटर व्यासाचा भलामोठा पंखा लावला. आणि मघाच्या मेखेवरचा त्यांचा तोडगा पाहा: खाली एकावर एक असे दोन पंख. वरचा मोठा, उडण्यापुरता. होडी उचलली गेली की तो मोठा पंखही पाण्याबाहेर येतो आणि खाली उरतो फक्त एक चिमुकला, वेगाचा पंख. २७ ऑक्टोबर १९९१ रोजी बॉस्टनजवळच्या चार्ल्स नदीत ड्रेला स्वतः पॅडलवर बसले आणि १०० मीटरच्या टप्प्यात १८.५ नॉटचा वेग नोंदवला. ताशी ३४ किलोमीटर. शंभर मीटर साडेदहा सेकंदांत! अर्थात हे आधीच वेग घेऊन, त्यामुळे लगेच उसेन बोल्टशी तुलना नको.

हायड्रोफॉइल आणि पॅडल एकत्र आल्याचं आणखी एक उदाहरण गमतीचं आहे. २०१७ च्या अमेरिका कप या शिडाच्या बोटींच्या शर्यतीत न्यूझीलंडच्या संघाने बोटीवर चक्क सायकली बसवल्या. बोट उडत होती वाऱ्यावर, पण शीड आणि पंख हलवणाऱ्या हायड्रॉलिक यंत्रणेला लागणारा दाब इतर संघ हातांनी चाके फिरवून देत होते, तर हे पायांनी. त्यांच्यात २०१२ च्या ऑलिम्पिकचा कांस्यपदकविजेता सायकलपटूसुद्धा होता. कप न्यूझीलंडनेच जिंकला.

मग त्या रीलमधला माणूस?

तो पॅडल मारत नाही, पंख मारतो. मासा शेपटी हलवतो तसा. वाकून वजन खाली टाकलं की पंख खाली जाताना पुढे सरकतो, उठताना पुन्हा वर येत पुढे सरकतो. पंखच पंख्याचं काम करतो. स्वीडनचा ट्रॅम्पोफॉइल आणि नंतर अमेरिकेतला अ‍ॅक्वास्किपर ही याच तत्त्वावरची जुनी वाहनं, ज्यांवर उभं राहून उड्या मारत जायचं. उड्या थांबल्या की बुडबुड. मधे थांबून घोटभर पाणी प्यायची सोय नाही. रीलमध्ये वीस-तीस सेकंदच दाखवतात, त्यामागे दमसासाचं हेही कारण आहे.

सायकलसारखं बसून चालवायचं पाण्यातलं वाहन हवं असेल तर न्यूझीलंडच्या मँटा५ ने काढलेली हायड्रोफॉइल सायकल आहे. तिच्यात पॅडलच्या मदतीला बॅटरीची मोटर असते. ती असण्याचं कारण तुम्हाला आता कळलं असेल: कार्लेखिंड.

आपल्या पॅडल बोटीला पंख लावले तर?

व्हॉट्सअ‍ॅपवर हमखास येणारा प्रश्न. उत्तर: नाही उडणार. हे उत्तर कडू असलं तरी नीट समजून घ्यावं, कारण उद्या कुणी "पॅडल बोटीला लावा हे किट, वेग तिप्पट" असं विकायला आलं तर खिशातले पैसे वाचतील.

फायबरची पॅडल बोट आणि दोन माणसं मिळून सव्वादोनशे किलोच्या पुढे. ती बोट कितीही मारलं तरी ताशी ७ च्या भिंतीला अडते. म्हणजे पंखाला त्याच वेगात सगळं वजन उचलावं लागेल. त्यासाठी पंख हवा जवळपास दीड चौरस मीटरचा. घराचं दार काढून आडवं पाण्याखाली लावल्यासारखं. त्या दाराचाच विरोध एवढा होईल की बोट सातलाही पोहोचणार नाही. समजा कशीबशी १४ वर नेऊन उडवली, तरी तिथे टिकून राहायला दोघांनी मिळून आठशेच्या घरात वॉट द्यायचे. सहलीला आलेलं जोडपं मिळून देतं दीडशे.

पॅडल बोटीचा वेग वाढवायचाच असेल तर स्वस्त मार्ग वेगळा आहे. मागचं फळ्यांचं चाक काढून चांगला पाण्यातला पंखा लावा, कारण चाकात बरीच ताकद पाणी वर उडवण्यात जाते. होडी लांब आणि अरुंद करा, तोल जाऊ नये म्हणून दोन अरुंद होड्या जोडा. पाय चालवून पुढे जाणाऱ्या कयाक जगभर याच मार्गाने गेल्या. इतकं झाल्यावर, आणि होडी तीस किलोच्या आत आल्यावर, पंखाचा विचार करण्यात अर्थ आहे. अभियांत्रिकीच्या मुलांनी प्रोजेक्ट म्हणून घ्यायला हा विषय फर्मास आहे. फक्त सुरुवात पंखापासून करू नका.

आणखी एक गोष्ट जी रीलमध्ये दिसत नाही: उंची सांभाळणं. होडी वर उचलली गेली आणि पंख पाण्याच्या पृष्ठभागाच्या फार जवळ आला की तो वरची हवा खाली ओढतो, उचल एकदम जाते आणि होडी धपकन आपटते. म्हणून अशा होड्यांत पुढे पाण्यावर घसरणारी छोटी पट्टी किंवा तरंगणारा तुकडा असतो. तो पाण्याची पातळी चाचपतो आणि त्यानुसार पुढच्या पंखाचा कोन बदलतो. आंधळ्याच्या काठीसारखं काम, पण ते चुकलं तर सगळंच चुकलं.

मांडवा, रेवदंडा, राजपुरी: नेमकं कुठे जमेल?

गेटवे ते मांडवा हा पाण्यातला प्रवास घ्या. लाँचने तासाभरात पोहोचतो. पॅडल बोटीच्या वेगाने गेलं तर कितीतरी जास्त वेळ लागेल, हायड्रोफॉइलवर १४ ने गेलं तर त्याहून खूप कमी. कागदावर छान दिसतं. पण तासभर अडीचशे वॉट देणारी माणसं किती, आणि मधल्या जहाजांच्या वाटेवर मधेच दम लागून होडी खाली बसली तर? मुंबई बंदराच्या वाटेत हे करून पाहू नये. विचारही करू नये.

खाड्यांचं गणित वेगळं. आपल्या किनाऱ्यावर उधाणाला पाणी चार-पाच मीटर चढतं-उतरतं. अलिबागच्या कुलाबा किल्ल्यात ओहोटीला चालत जाता येतं आणि भरतीला होडी लागते, ते यामुळेच. एवढं पाणी रेवदंड्याला कुंडलिकेच्या तोंडातून किंवा राजपुरीच्या खाडीतून आत-बाहेर जाताना जबरदस्त ओढ लागते. ओढ ताशी चार किलोमीटरची धरली तर पाचने जाणारी पॅडल बोट उलट्या ओढीत तासाला एकच किलोमीटर पुढे जाते. माणूस थकला की मागे, आणि ओहोटी असेल तर उघड्या समुद्राकडे. चौदाच्या वेगाची होडी त्याच ओढीत दहाने पुढे जाते. मला विचाराल तर मानवी बळाच्या वेगवान होडीचा खरा उपयोग इथे आहे. शर्यत जिंकण्यापेक्षा ओहोटीतून परत येता येणं महत्त्वाचं. मात्र हा हिशेब उडत राहण्याचा आहे. पंखाची होडी खाली बसली की ती साध्या होडीपेक्षाही जड चालते.

आणि इथेच आपला किनारा अडचणी काढायला लागतो. पंख पाण्याखाली पाऊण-एक मीटर असतो. ओहोटीला आपल्या खाड्यांत कितीतरी ठिकाणी तेवढंही पाणी नसतं, खाली चिखल किंवा खडक. गढूळ पाण्यात काही दिसत नाही. खाडीत खुंट ठोकून लावलेली डोल जाळी असतात. त्यात पंख अडकला तर होडीवाला तर उलटा पडेलच, पण कोळी बांधवाचं जाळंही फाटेल. जाळ्याची किंमत हजारोंत असते, आणि तो राग अगदी रास्त असेल. शिवाय प्लॅस्टिक. पंखाला एक पिशवी गुंडाळली गेली की होडी लगेच खाली बसते. परदेशातल्या तळ्यांवर हा त्रास कमी, आपल्याकडे पावसाळ्यानंतरच्या पाण्यात पावलोपावली.

वेळही निवडावी लागते. शाळेत शिकलेले खारे वारे आणि मतलई वारे आठवतात? सकाळी वारा कमी असतो, पाणी आरशासारखं. दुपार झाली की समुद्रावरून वारा सुटतो आणि पाणी खवळायला लागतं. बारीक लाटांचं हायड्रोफॉइलला काही वाटत नाही, उलट होडी त्यांच्या वरून जाते आणि हादरे कमी बसतात. पण लाट दांड्याच्या उंचीपेक्षा मोठी झाली की होडी तिच्यावर आपटायला लागते. त्यामुळे ऑक्टोबर ते मे, सकाळी सूर्य वर येईपर्यंत, भरतीच्या सुमारास, आणि शक्यतो भांगाच्या दिवसांत, जेव्हा भरती-ओहोटीतला फरक कमी असतो. पावसाळ्यात तर गेटवे-मांडवा लाँचसुद्धा बंद असतात, तिथे आपलं काय.

हौसेने कुणी असं काही आणलंच तर दोन गोष्टी. पंखाची कड सुरीसारखी असते. नागाव, काशीदसारख्या गर्दीच्या किनाऱ्यावर पोहणाऱ्यांमध्ये हे नेणं म्हणजे गुन्हाच. हेल्मेट आणि लाइफ जॅकेट घालायचंच, कारण आपण पडतो ते नेमकं पंखाच्या दिशेने. आणि पैसे घेऊन पर्यटकांना बसवायचं असेल तर इतर जलक्रीडांप्रमाणे महाराष्ट्र मेरीटाईम बोर्डाची परवानगी आधी. खारं पाणी साखळी आणि बेअरिंग खाऊन टाकतं, म्हणून दर वेळी गोड्या पाण्याने धुणं आलं.

राजपुरीच्या धक्क्यावरून जंजिऱ्याला आजही शिडाच्या होड्या पर्यटकांना नेतात. वारा असला की शीड फुगतं आणि होडी मुकाट किल्ल्याच्या दरवाजाशी लागते. वारा पडला की तांडेल आणि त्याचा साथीदार काय करतात? वल्ही बाहेर काढतात.